गेम्स सगळे उडवले तरी सी ड्राइव्हची पट्टी लालच राहिली: एका लॅपटॉपचं पूर्ण प्रकरण

लॅपटॉप २०१९ सालचा, गेमिंगवाला, इंटेलचा नवव्या पिढीचा आय-फाइव्ह, १६ जीबी रॅम, सी साठी २५६ जीबीची एसएसडी आणि डी साठी १ टीबीची हार्ड डिस्क. मालक आधी मोठा भाचा. लॉकडाउनमध्ये त्याने यावर काय काय खेळलं त्याला हिशोबच नाही, आता पुण्यात नोकरीला लागलाय, कंपनीने लॅपटॉप दिलाय, म्हणून हा धाकट्याकडे आला. धाकटा सांगलीत मेकॅनिकलला आहे, त्याला सॉलिडवर्क्स हे इंजिनिअरिंग ड्रॉइंगचं सॉफ्टवेअर टाकायचं होतं आणि सी वर जागा जेमतेम १४ जीबी. ताईचा फोन, "नवीनच घ्यावा लागतोय का रे?" म्हटलं थांब जरा, पाठवून दे त्याला रविवारी.

धाकट्याने येण्याआधीच हात चालवला होता. सेटिंग्जमधल्या अ‍ॅप्सच्या यादीत जो जो गेम दिसला तो अनइन्स्टॉल, दोन-तीन गेम यादीत सापडले नाहीत तर त्यांचे फोल्डरच शिफ्ट-डिलीट, आणि काहींचे नुसते डेस्कटॉपवरचे आयकॉन उडवून "काढला" असं समजून मोकळा. वर यूट्यूबवर बघून कुठलंतरी फुकटचं "पीसी क्लीनर" टाकलेलं, त्याने रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंगांच्या नोंदवहीत, शेकड्याने एरर दाखवले होते आणि फिक्स करायला पैसे मागत होतं.

"मामा, सगळं उडवलंय मी, एकपण गेम नाही आता, तरी सी ड्राइव्ह भरल्याची पट्टी लाल दाखवतंय."

एक आधीच सांगतो, २५६ ची एसएसडी विंडोजमध्ये २३८ च दिसते, कंपनी हजारच्या पटीत मोजते आणि विंडोज १०२४ च्या, तिथं काही गायब झालेलं नसतं. पण २३८ मधले १४ उरले, म्हणजे सव्वादोनशे जीबी कुठंतरी बसलेत. अशा वेळी बरेच जण एकेका फोल्डरवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज बघत बसतात, ते करू नका, एक तर वेळ जातो आणि ज्या फोल्डरांना परवानगी नाही ते एक्सप्लोरर मोजतच नाही. विझट्री हे जागा कुणी खाल्ली ते दाखवणारं सॉफ्टवेअर टाकलं, अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालू केलं. ते एनटीएफएसचं मास्टर फाइल टेबल, म्हणजे ड्राइव्हवरच्या सगळ्या फाइलींची यादी, थेट वाचतं त्यामुळे अख्खा ड्राइव्ह काही सेकंदात साइजप्रमाणे लावून समोर येतो. विनडरस्टॅट पण चालतं.

पहिल्याच नजरेत जे दिसलं त्यावर धाकटा म्हणाला, "पण जीटीए तर मी स्टीममधून नीट अनइन्स्टॉल केला होता!" स्टीम म्हणजे गेम विकत घ्यायचं आणि उतरवायचं ऑनलाइन दुकान. खरं होतं त्याचं. स्टीमच्या कॉमन फोल्डरमध्ये जीटीए फाइव्हचा फोल्डर तसाच, आत जवळपास ३८ जीबी.

आत गेलो तर गेम चालू करणारी एक्झी फाइल नाही, मूळ डेटा नाही, फक्त "मोड्स" नावाचा फोल्डर. मोठ्याने ओपन-फोर हे सॉफ्टवेअर वापरून मोडिंग, म्हणजे गेममध्ये स्वतःचे बदल, केलेलं, स्विफ्ट, स्कॉर्पिओ, बुलेट असल्या गाड्या घातलेल्या. या पद्धतीत मूळ फाइलला हात लावत नाहीत, गेमच्या मोठ्या आरपीएफ फाइलींची कॉपी मोड्स फोल्डरमध्ये करून त्या कॉपीत बदल करतात. अपडेट.आरपीएफ, त्याखाली डीएलसीपॅक्सचा ढीग, एकेक फाइल जीबीत. शहाणपणाची पद्धत आहे, गेम बिघडत नाही, पण गेमच्या अर्ध्याएवढी दुसरी प्रत तयार होते आणि ती स्टीमच्या खिजगणतीत नसते. स्टीमने जेवढं उतरवलं त्याची यादी त्याच्याकडे असते, अनइन्स्टॉल म्हटलं की त्या यादीतलं तो उचलतो, बाकी सोडून जातो. मांडववाला मोजून आणलेल्या खुर्च्या मोजून घेऊन जातो, तुम्ही घरून आणलेली सतरंजी तिथंच राहते, तसंच.

हे एकदा डोक्यात बसलं की पुढचं सगळं सोपं जातं. "ही फाइल कुठल्या फोल्डरात आहे" हा प्रश्न दुय्यम, "ही फाइल बनवली कुणी" हे आधी बघायचं. इन्स्टॉलरने ठेवलेली असेल तर अनइन्स्टॉलर नेतो. नंतर तुम्ही, गेमने किंवा ग्राफिक्स ड्रायव्हरने बनवलेली असेल तर ती बहुतेक वेळा मागे राहते, आणि त्यातली काही राहायलाच हवी असते.

शिफ्ट-डिलीट केलेल्यांची उलटी गंमत. डी ड्राइव्हवर पण एक स्टीम लायब्ररी होती, त्यातला एक गेम त्याने फोल्डर उडवून काढलेला, पण स्टीम अजून त्याला इन्स्टॉल झालेलाच दाखवत होतं. कारण स्टीमअ‍ॅप्स फोल्डरमध्ये प्रत्येक गेमची एक छोटी अ‍ॅपमॅनिफेस्ट फाइल असते, पुढे गेमचा नंबर आणि शेवटी एसीएफ, म्हणजे जीटीए फाइव्हचा २७१५९०, काउंटर-स्ट्राइकचा ७३०. स्टीमला गेम आहे की नाही हे ती फाइल सांगते. अशा वेळी स्टीममधूनच परत अनइन्स्टॉल म्हणायचं, फाइली नसल्या तरी तो नोंद काढून टाकतो. नंतर स्टीमअ‍ॅप्समधले आणखी तीन फोल्डर उघडून बघायचे, डाउनलोडिंग, वर्कशॉप आणि शेडरकॅश. डाउनलोडिंगमध्ये कुठल्यातरी गेमचा अर्धवट उतरलेला अपडेट होता, बऱ्यापैकी मोठा.

जे गेम यादीतून जात नव्हते, क्लिक केलं की विंडोज म्हणायचं फाइल सापडत नाही, त्यांचं कारणही तेच. फोल्डरबरोबर त्यांचा अनइन्स्टॉलरसुद्धा त्यानेच उडवलेला. जुन्या कंट्रोल पॅनेलमधून गेलात तर विंडोज स्वतःच विचारतं की बहुतेक आधीच काढलेला दिसतोय, यादीतून नाव काढू का, हो म्हणायचं, संपला विषय. त्यासाठी रजिस्ट्री एडिटरमध्ये शिरायची गरज नाही.

विझट्रीत दुसऱ्या नंबरवर प्रोग्रॅमडेटा होता, हा फोल्डर हिडन असतो त्यामुळे धाकट्याने बघितलाच नव्हता. आत अँड्रॉइड एम्युलेटरची ४१ जीबीची एकच फाइल. मोठा यावर पब्जी मोबाइल खेळायचा, २ सप्टेंबर २०२० ला सरकारने पब्जीवर बंदी घातली, मग फ्री फायर घेतला, १४ फेब्रुवारी २०२२ ला त्याच्यावरही बंदी आली. गेम त्याने एम्युलेटरच्या आत जाऊन इमानदारीत काढलेले. पण एम्युलेटर म्हणजे आत एक खोटा फोन आणि त्या फोनचं सगळं स्टोरेज ही विंडोजच्या लेखी एकच व्हर्च्युअल डिस्कची फाइल, ती लागेल तशी फुगत जाते आणि आतलं डिलीट केलं म्हणून आपोआप आकसत नाही. काही एम्युलेटरच्या सेटिंगमध्ये डिस्क क्लीनअप असतं, त्याने आकसते. इथं एम्युलेटरच नको होता, तो अनइन्स्टॉल केला, उरलेला डेटा फोल्डर हाताने उडवला, एका फटक्यात ४१ जीबी. धाकट्याचा चेहरा बघण्यासारखा झाला.

डाउनलोड्समध्ये ३० जीबीच्या आसपास नुसते सेटअप. त्याविषयी खाली बोलतो, तिथंच खरी भानगड निघाली.

शेडर कॅश, म्हणजे गेमचं चित्र भराभर काढता यावं म्हणून साठवलेल्या फाइली, आणि ग्राफिक्स ड्रायव्हरचे जुने इन्स्टॉलर मिळून साधारण १६ जीबी. एनव्हिडियाचा ड्रायव्हर टाकताना सेटअप आधी सी वरच्या एनव्हिडिया फोल्डरात सगळं उलगडतो, त्यातली जुनी व्हर्जन पडून होती, ती बिनधास्त उडवा. शेडर कॅश विंडोजच्या डिस्क क्लीनअपमध्ये डायरेक्टएक्स शेडर कॅश या नावाने दिसते, शिवाय एनव्हिडियाची वेगळी असते, अ‍ॅपडेटामध्ये लोकल आणि लोकललो दोन्हीकडे एनव्हिडिया फोल्डर बघायचे. हे काढल्याने काही बिघडत नाही, पुढच्या वेळी गेम पहिल्यांदा उघडताना ती परत बनते तेव्हा थोडा अडखळतो इतकंच. त्यामुळे जो गेम रोज खेळता त्याची कॅश दर आठवड्याला उडवण्यात काही अर्थ नाही.

हायबरफिल, म्हणजे हायबरनेट करताना चालू काम डिस्कवर साठवायची साडेसहा जीबीची फाइल, दिसली की लोक लगेच पॉवरसीएफजीची कमांड मारून हायबरनेट बंद करा म्हणतात. मी ठेवली. पोरगा होस्टेलवर राहतो, लाइट कधी जाईल भरवसा नाही, या लॅपटॉपची बॅटरी तासभर पण टिकत नाही, चालू ड्रॉइंग वाचवण्यासाठी साडेसहा जीबी महाग नाहीत.

आता उरलं ते डिलीट करायचं नाही ते. डॉक्युमेंट्समध्ये रॉकस्टार गेम्स, माय गेम्स, त्याशिवाय युजर फोल्डरात सेव्ह्ड गेम्स, अ‍ॅपडेटामध्ये रोमिंग आणि लोकललो, युनिटीवर बनलेले बरेच गेम लोकललोमध्ये सेव्ह ठेवतात. हे अनइन्स्टॉलर मुद्दाम सोडतो, माणूस गेम परत टाकेल तेव्हा त्याची प्रगती शिल्लक असावी म्हणून. क्लीनर सॉफ्टवेअर याला "लेफ्टओव्हर" म्हणून लाल रंगात दाखवतं आणि आपण सिलेक्ट ऑल करतो. जागेच्या दृष्टीने हे सगळं मिळून अर्धा जीबी पण नव्हतं. जीटीएचे सेव्ह म्हणजे एसजीटीए५०००० वगैरे नावाच्या, एक्स्टेन्शन नसलेल्या चिमुकल्या फाइली, मोठ्याला व्हॉट्सअ‍ॅपवर विचारलं ठेवू का, तर दोन मिनिटांत उत्तर, "मामा प्लीज उडवू नका, त्यात सगळं शंभर टक्के झालंय." झिप करून त्याला पाठवलं.

धाकट्याचं तर त्याहून नाजूक प्रकरण होतं. त्याने माइनक्राफ्टचा लाँचर आठवडाभर आधीच काढलेला, आणि शाळेत असताना मित्रांबरोबर बांधलेलं गाव गेलं असं समजून गप्प बसलेला. जावा एडिशन होती म्हणून वाचलं. तिची सगळी जगं अ‍ॅपडेटा-रोमिंगमधल्या डॉटमाइनक्राफ्ट फोल्डरात "सेव्ह्ज" खाली असतात, लाँचर गेला तरी ती तिथंच. पेनड्राइव्हवर कॉपी केली. स्टोअरमधून घेतलेल्या अ‍ॅपचं मात्र बरोबर उलटं असतं, त्याचा डेटा पॅकेजेस फोल्डरात त्याच्या स्वतःच्या खणात असतो आणि अनइन्स्टॉलबरोबर तो खणच जातो. बेडरॉक एडिशनच्या जुन्या आवृत्त्यांत जगं तशीच ठेवलेली असायची, तिथं काढायच्या आधी कॉपी घेतली नाही तर गेलंच. म्हणजे "अनइन्स्टॉल केलं तरी सेव्ह राहतो" हे ऐकीव ज्ञान सगळीकडे चालत नाही, आणि स्टीम क्लाउड आहे म्हणून निर्धास्त राहायचं तर तो गेम क्लाउड वापरतो का हे आधी त्याच्या स्टोअर पेजवर बघायचं.

डॉक्युमेंट्स फोल्डर वनड्राइव्हला जोडलेला होता हे पण बघून घेतलं. असं असलं की गेमचे सेव्ह, रेकॉर्डिंग, सगळं फुकटच्या ५ जीबीत जाऊन बसतं आणि मग स्टोरेज फुल झाल्याचे मेसेज सुरू होतात. इथून डिलीट केलं की क्लाउडमधूनही जातं, वनड्राइव्हच्या रिसायकल बिनमध्ये ३० दिवस राहतं.

व्हॅलोरंट त्याने काढला होता पण घड्याळाजवळ व्हॅनगार्डचं लाल चिन्ह तसंच. यात गडबड काही नाही, व्हॅनगार्ड हा वेगळा प्रोग्रॅम आहे, अँटीचीट, म्हणजे गेममधली लबाडी पकडणारा, विंडोज सुरू होतानाच त्याचा ड्रायव्हर कर्नलमध्ये, म्हणजे विंडोजच्या अगदी गाभ्यात, चढतो. अ‍ॅप्सच्या यादीत रायट व्हॅनगार्ड या नावाने वेगळा सापडतो, तिथून काढायचा. जागा जास्त खात नाही, पण जो गेम खेळायचाच नाही त्याच्यासाठी कर्नलमध्ये ड्रायव्हर कशाला ठेवायचा. याच यादीत मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल अशा नावाच्या डझनभर नोंदी असतात, २००८ पासून २०२२ पर्यंतच्या, गेमबरोबर आलेल्या. धाकट्याला त्या कचरा वाटत होत्या. हात लावू नका. कुठलं सॉफ्टवेअर कुठल्या व्हर्जनवर उभं आहे ते आपल्याला दिसत नाही, आणि सगळ्या मिळून जागा किती, तर फार तर काहीशे एमबी.

आणि तो रजिस्ट्री क्लीनर. हजार नोंदी काढल्या तरी जागा वाचते काही केबी, स्पीडमध्ये फरक शून्य, आणि मायक्रोसॉफ्टने रजिस्ट्री क्लीनरला आपला पाठिंबा नाही असं स्पष्ट लिहून ठेवलंय. काढून टाकला, सगळ्यात आधी.

एवढं करून सी वर १३५ जीबीच्या पुढे मोकळं झालं. ताईचं काम तिथंच झालं होतं खरं तर. पण एक गोष्ट मला मगासपासून खटकत होती, लॅपटॉपवर काही चालू नसताना पंखा बोंबलत होता, आणि टास्क मॅनेजर उघडला की दहा सेकंदात शांत. उघडल्यावर शांत होणारा पंखा मला आवडत नाही, आत काहीतरी लपून चालतंय असं वाटतं.

डाउनलोड्समधले ते ३० जीबी सेटअप म्हणजे क्रॅक केलेले रीपॅक, चोरीच्या गेमचे दाबून छोटे केलेले सेटअप. पोरं वापरतात, उगाच प्रवचन देत नाही. पण त्यांच्याबरोबर येणाऱ्या टेक्स्ट फाइलमध्ये पहिलीच सूचना काय असते, अँटीव्हायरस बंद करा किंवा हा फोल्डर एक्सक्लूजनमध्ये, म्हणजे तपासायचा नाही अशा यादीत, टाका. मोठ्याने ते केलेलं. गेम गेले, फोल्डर गेले, एक्सक्लूजन राहिलं. कुठलाच अनइन्स्टॉलर ते काढत नाही, कारण घातलेलं तुम्ही. विंडोज सिक्युरिटीत व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन, मॅनेज सेटिंग्ज, आणि पार तळाला एक्सक्लूजन्स. इथं अख्खा डाउनलोड्स फोल्डर सूट दिलेला, आणि डी वरचा गेम्स फोल्डर पण. म्हणजे गेली कित्येक वर्षं या लॅपटॉपवर जे जे उतरवलं, कॉलेजचे फॉर्म, मित्रांनी दिलेली झिप, काहीच तपासलं गेलं नव्हतं. कुठली वेबसाइट कुठं उघडायची ते ठरवणाऱ्या होस्ट्स फाइलमध्येही काही ओळी घुसवलेल्या, विंडोजच्या सिस्टम३२ मध्ये ड्रायव्हर्स, आत ईटीसी, तिथं ती फाइल असते, नोटपॅडने उघडून बघता येते.

हा प्रकार काल्पनिक नाही. २०२१ मध्ये अव्हास्टने क्रॅकोनॉश नावाच्या मालवेअरबद्दल सांगितलं होतं, जीटीए फाइव्ह, एनबीए २के१९, सिम्स ४ अशा गेमच्या चोरीच्या कॉपीतून ते पसरलं, २ लाख २२ हजारांहून जास्त कॉम्प्युटरवर सापडलं आणि मालकाच्या नकळत मोनेरो हे क्रिप्टोचलन खोदत होतं. सेफ मोडमध्ये डिफेंडर, म्हणजे विंडोजचा स्वतःचा अँटीव्हायरस, चालत नाही याचा फायदा घेऊन ते डिफेंडरच उडवायचं. आपल्याकडे तेच होतं असं मी म्हणत नाही.

एक्सक्लूजन्स काढली, मायक्रोसॉफ्ट डिफेंडर ऑफलाइन स्कॅन लावला, लॅपटॉप रीस्टार्ट होऊन विंडोज उघडायच्या आधी तपासतो तो, मग परत फुल स्कॅन. रिपोर्टमध्ये हॅकटूलने सुरू होणारी बरीच नावं, ती क्रॅकमध्ये येतातच. पण एक नाव ट्रोजनने सुरू होणारं, आणि ते डाउनलोड्समध्ये नव्हतं, अ‍ॅपडेटा-रोमिंगमध्ये साध्यासुध्या नावाच्या फोल्डरात होतं, आणि ठरल्या वेळी आपोआप प्रोग्रॅम चालवणाऱ्या टास्क शेड्युलरमध्ये त्याची नोंद. क्वारंटाइन झालं, पंखा शांत झाला.

इथं खरा निर्णय घ्यायचा होता. काढलं की, मग झालं ना, असं धाकट्याचं म्हणणं. माझं मत वेगळं होतं. जे सापडलं ते गेलं, पण इतकी वर्षं दार उघडं असताना आणखी काय आलं हे छातीठोक कुणीच सांगू शकत नाही, आणि आता या लॅपटॉपवरून कॉलेजची फी भरली जाणार, ताईचं नेटबँकिंग उघडलं जाणार. शिवाय विंडोज १० होतं, त्याचा सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ ला संपलाय, आणि इंटेलच्या आठव्या पिढीपासून पुढे विंडोज ११ अधिकृत चालतं, म्हणजे हा बसतोय त्यात. तर मग फॉरमॅट.

"मामा, मग पहिल्यांदाच मारायचा ना फॉरमॅट, एवढं कशाला बघत बसलो?"

बघत बसलो म्हणून माइनक्राफ्टचं गाव पेनड्राइव्हवर होतं आणि त्याच्या भावाचं शंभर टक्के पुण्यात पोचलेलं. विंडोजचं "रीसेट, कीप माय फाइल्स" मी इथं घेतलं नाही, ते प्रोग्रॅम काढतं पण युजरच्या फाइली ठेवतं, आणि आपल्याला संशय त्याच भागावर. दुसऱ्या स्वच्छ लॅपटॉपवर मायक्रोसॉफ्टच्या मीडिया क्रिएशन टूलने ८ जीबीचा पेनड्राइव्ह बनवला, बायोसमध्ये टीपीएम ही विंडोज ११ ला लागणारी सुरक्षेची चिप चालू केली, इन्स्टॉल करताना फक्त एसएसडीची पार्टिशन्स काढली. तिथं दोन्ही डिस्क एकाखाली एक दिसतात, साइज बघूनच बोट ठेवायचं, १ टीबीवाली चुकून निवडली की मग रडायचं. लायसन्सची चिंता करावी लागली नाही, ते मदरबोर्डला बांधलेलं असतं, नेट लागल्यावर आपोआप अ‍ॅक्टिव्हेट झालं. स्टीम, गुगल, इन्स्टा सगळ्यांचे पासवर्ड त्याला फोनवरून बदलायला लावले, जुन्या विंडोजमधून बदलले असते तर काय उपयोग.

डी ड्राइव्ह नव्या विंडोजवरून आधी स्कॅन केला, रीपॅकचा गेम्स फोल्डर पूर्ण उडवला, स्टीमची लायब्ररी ठेवली. सॉलिडवर्क्स बसलं. संध्याकाळी निघताना धाकटा हळूच म्हणाला की काउंटर-स्ट्राइक तेवढं परत टाकतो, रूमचं वायफाय स्लो आहे, रात्रभर लागेल. म्हटलं डाउनलोड करूच नको, स्टीमच्या सेटिंगमध्ये स्टोरेजला जा, डी वरची जुनी लायब्ररी अ‍ॅड कर, ७३० ची मॅनिफेस्ट आणि गेमच्या फाइली अजून तिथं आहेत, गेम आपोआप यादीत येईल. मग प्रॉपर्टीजमध्ये जाऊन व्हेरिफाय इंटिग्रिटी कर, बदललेल्या फाइली असतील तेवढ्याच परत उतरतील. गाडीत बसेपर्यंत त्याने हॉटस्पॉट लावून ते करून पण टाकलं होतं.